झिजलेला वायसर

संसारांतील मोठ्या आपत्तींविषयीं आजवर पुष्कळ लिहिलें गेलें आहे. आग, महापूर, दिवाळें, दीर्घ आजार यांनीं कादंबऱ्यांचीं पानेंच्या पानें व्यापिलेलीं आहेत. परंतु मध्यम स्थितींतल्या गृहस्थाच्या आयुष्याचा मोठा भाग ज्या किरकोळ आपत्तींशीं झगडण्यांत जातो, त्यांजकडे लेखकवर्गानें फारसें लक्ष पुरविलेलें दिसत नाहीं. न लागणारी कडी, उंबऱ्यास घासणारें दार, कुरकुरणारा पंखा, आणि रात्रीच्या शांततेंत एकच शब्द उच्चारीत बसणारा नळ, हीं सारीं त्या वर्गांत मोडतात. यांपैकीं शेवटच्या आपत्तीविषयीं आज चार शब्द लिहिण्याचें आम्हीं योजिलें आहे. विषय स्नानगृहांतला असला तरी तो स्नानगृहाच्या चार भिंतींच्या आंतच राहील अशी हमी मात्र आम्हांस देतां येत नाहीं.

गळणारा नळ दिवसां कोणासच त्रास देत नाहीं. त्याचें बोलणें घरांतल्या इतर बोलण्यांत बुडून जातें. रात्रीं अकरानंतर त्यास श्रोते मिळतात. सेकंदास एक थेंब ह्या संथ गतीनें तो गळत असेल तर त्याचा हिशेब असा होतो. वैद्यकांत साधारणतः वीस थेंबांचा एक मिलिलिटर धरतात. दिवसाचे सेकंद ८६,४००. म्हणजे सुमारें सव्वाचार लिटर पाणी रोज गेलें. वर्षाचे दीड हजार लिटरांहून अधिक झाले. शहरांतील माणसास रोज १३५ लिटर पाणी मिळावें असें आपल्याकडील पाणीपुरवठ्याचें प्रमाण आहे. २०१९ सालीं सुरू झालेल्या जलजीवन मोहिमेनें खेड्यांतील माणसासाठीं धरलेलें प्रमाण ५५ लिटरांचें. तेव्हां शहरांतला एक आळशी थेंब वर्षाकांठीं खेड्यांतल्या एका माणसाचें चार आठवड्यांचें पाणी मोरींत सोडून देतो.

हा हिशेब आम्हीं एके रात्रीं अंथरुणांत पडल्यापडल्या केला. परंतु हिशेबानें मनुष्य क्वचितच हलतो. आमच्या घरीं ह्या नळाविरुद्ध मोहीम निघाली ती निराळ्याच कारणानें. आमच्या मातोश्रींचें वय आज चौऱ्याऐंशी वर्षांचें आहे. गेलीं दहा-बारा वर्षें त्या शॉवरखालीं एका बुटक्या खुर्चीवर बसून स्नान करीत आल्या आहेत. वांकून बादलींतलें पाणी घ्यावें लागत नाहीं, पाय घसरण्याचें भय नाहीं, आणि कोणाची मदत नको. ह्यांतलें तिसरें सुख त्यांस सर्वांत अधिक प्रिय. गेल्या हिंवाळ्यांत त्यांनीं कामास येणाऱ्या बाईंकडून एकाएकीं बादली भरून घेण्यास प्रारंभ केला. पत्नीनें कारण विचारलें तेव्हां, "आतां बादलीच बरी वाटते गं," इतकेंच उत्तर मिळालें. म्हातारीं माणसें आपल्या माघारीचीं कारणें सहसा सांगत नाहींत. पत्नीनें मग स्वतः त्या नळाची मूठ फिरवून पाहिली आणि उलगडा झाला. नळ पुरता बंद करावयास दोन्ही हातांचा जोर लागत होता. मातोश्रींच्या बोटांचे सांधे सुजलेले. नळ अर्धवट बंद ठेविला तर पाणी वाया जाणार, आणि पाणी वाया घालविणें हें त्यांच्या नीतिशास्त्रांत मोठें पातक. तेव्हां जो नळ आपल्यास बंद करतां येत नाहीं तो उघडावयाचाच नाहीं, असा निर्णय त्यांनीं कोणासही न विचारतां घेतला होता.

ज्यांनीं नळ कधीं उघडून पाहिला नाहीं अशा वाचकांसाठीं, आणि सुशिक्षित वाचकांत त्यांचीच संख्या अधिक असावयाची, त्याच्या अंतरंगाचें थोडें वर्णन येथें करणें अवश्य आहे. शॉवरचा नळ म्हणजे भिंतींत पुरलेलें पितळेचें एक धड. त्याच्या पोटांत एक पडदा असून त्यास वाटोळें भोंक असतें. ह्या भोंकाच्या गुळगुळीत कांठास कारागीर 'सीट' म्हणतात. पाणी ह्या भोंकांतून पुढें जातें. त्यावर झांकण म्हणून रबराची जी चकती बसते तिला आपण इंग्रजी शब्दास मराठी वळण देऊन 'वायसर' म्हणतों. वायसर ज्या दांड्याच्या टोंकास असतो तो स्पिंडल. स्पिंडलास आटे असतात. मूठ फिरविली कीं तो आंत सरकतो आणि वायसर सीटेवर दाबला जातो. मूठ उलट फिरविली कीं वायसर उचलला जाऊन पाणी मोकळें होतें. एवढेंच ह्या यंत्राचें रहस्य. धातूवर धातू कितीही आवळला तरी पाणी थांबत नाहीं. त्या दोहोंमध्यें कांहींतरी मऊ, दबणारें, दुसऱ्याच्या खांचाखोंचा भरून काढणारें लागतें. ज्या घरांत दोन करारी माणसें आहेत त्या घरास हें अधिक विस्तारानें सांगावयास नको.

हा मऊ घटकच प्रथम झिजतो. गरम पाण्यानें रबर कडक होतें. टँकरच्या व कूपनलिकेच्या पाण्यांतला चुना सीटेवर खरपुडीसारखा बसतो. मग वायसर पुरता टेकेनासा होतो, आणि आपण मूठ अधिक जोरानें आवळतों. त्या जोरानें रबरांत सीटेचें वर्तुळ खोल उमटतें, आणि पुढच्या वेळीं आणखी जोर लागतो. फटींतून दाबानें निसटणारी पाण्याची बारीक धार कांहीं महिन्यांनीं पितळेच्या सीटेसही चर पाडते. म्हणजे गळती ही कर्जाच्या व्याजासारखी आहे. प्रारंभीं ती कांहींच वाटत नाहीं, आणि पुढें ती मुद्दलासच खाऊं लागते. घरांतलीं धडधाकट माणसें अधिकाधिक जोर लावून ही स्थिति झांकून ठेवीत असतात. तिची खरी नोंद होते ती घरांतल्या सर्वांत दुबळ्या हातांत.

नळाच्या इतिहासाकडे पाहिलें तर मोठी मौज दिसते. इंग्रजी भाषेनें नळाच्या कळीस कोंबड्याचें नांव दिलें आहे; आपल्या इमारतींतला रखवालदार 'मेन कॉक बंद करा' असें ओरडतो तेव्हां तो त्या कोंबड्याचेंच स्मरण करीत असतो. जर्मन भाषेंतही कोंबडा आणि नळ यांस एकच शब्द आहे. डच लोकांस तेथें कोंबड्याऐवजीं करकोचा दिसला. आणि आपल्या पूर्वजांनीं देवळांच्या व कुंडांच्या पाण्यास गाईचें किंवा मगरीचें मुख दिलें. पाणी सोडणाऱ्या वस्तूस प्राण्याचें तोंड असावें असें इतक्या दूरदूरच्या लोकांस वाटावें, ह्यांत कांहींतरी अर्थ आहे खास.

रोमन लोकांच्या तोट्या कांशाच्या असत. त्यांत आरपार भोंक पाडलेली एक खुंटी बसविलेली असे. ती पावभर फिरविली कीं भोंक आडवें होऊन पाणी थांबे. इ. स. ९७ मध्यें रोमच्या पाणीपुरवठ्याचा मुख्य अधिकारी झालेल्या फ्रॉन्टिनस नामक गृहस्थानें त्या विषयावर ग्रंथ लिहून ठेविला आहे, आणि त्यांत चोरून नळ जोडणाऱ्या मंडळींविषयीं त्यानें केलेली तक्रार आजच्या कोणत्याही महानगरपालिकेच्या अधिकाऱ्यास तोंडपाठ वाटेल. स्क्रूनें वायसर दाबणारी आपल्या ओळखीची तोटी त्या मानानें अगदीं अर्वाचीन. ती १८४५ सालीं इंग्लंडांतल्या रॉदरहॅम येथील एका पितळकामाच्या कारखान्यानें प्रचारांत आणिली.

ह्या तोटींत प्रारंभीं रबर नसे, चामडें असे. चामड्याचा उपयोग इंग्रज कारागिरांनीं आधीं मोठ्या कौशल्यानें केला होता. जोसेफ ब्रामा यानें १७९५ सालीं पाण्याच्या दाबानें चालणाऱ्या यंत्राचें पेटंट घेतलें. त्यांतली गळती कांहीं केल्या थांबेना, तेव्हां त्याच्या कारखान्यांतल्या हेन्री मॉड्‌सले यानें चामड्याचें एक वाटीसारखें कडें बसविलें. त्यांत खुबी अशी कीं, पाण्याचा दाब जितका वाढे तितकें तें चामडें आपोआप अधिक घट्ट बसे. ज्या शक्तीनें बाहेर पळावयाचें तिलाच दार लावावयास बसविणें ही युक्ति राजकारणी पुरुषांनीं अभ्यासावी इतकी सुंदर आहे.

परंतु हेंच चामडें आमच्याकडे निराळ्या इतिहासास कारण झालें. पुण्यास वाहत्या पाण्याची संवय नवी नव्हती. नानासाहेब पेशव्यांच्या कारकीर्दींत (१७४०-१७६१) कात्रजच्या तलावाचें पाणी बांधीव नळानें शहरांतल्या हौदांत खेळविलेलें होतें. त्या पाण्यास कोणाची हरकत नसे. पुढें लोखंडी नळ आणि पितळी तोट्या आल्या तेव्हां सोवळ्यांतल्या मंडळींस प्रश्न पडला. तोटींत चामड्याचा वायसर; मग त्यास लागून आलेलें पाणी देवास कसें चालावें? आमच्या मातोश्रींच्या आजीनें, म्हणजे आमच्या पणजीनें, अखेरपर्यंत पूजेचें आणि स्वयंपाकाचें पाणी आडाचेंच घेतलें. नळाचें पाणी धुण्याभांड्यांस. मातोश्री सांगतात कीं, कोणीतरी एकदां आजीस समजाविलें, आतां चामडें गेलें, आतां रबर आलें. त्यावर आजीनें विचारलें, "तूं उघडून पाहिलंस का?" तें कोणीच पाहिलेलें नव्हतें, आणि आडाचें पाणी चालूच राहिलें.

ह्या गोष्टीस हंसणें सोपें आहे. परंतु त्या बाईस नळाच्या पोटांत काय असतें तें ठाऊक होतें, आणि तिच्या पदवीधर पणतवंडांपैकीं बहुतेकांस तें ठाऊक नाहीं, हेंही खरें. ज्या हातांनीं तें चामडें कमाविलें त्या हातांचा विटाळ मानणें हा त्या काळाचा मोठा अन्याय होता, आणि त्याचें समर्थन कोणीही करूं नये. आज विटाळ गेला असें आपण म्हणतों. पण नळ उघडावयाची वेळ आली कीं आपण चार पावलें मागें सरून उभे राहतों, आणि आंत हात घालणारा मनुष्य दुसराच कोणीतरी असतो. त्या अंतरास काय म्हणावें?

चामड्याची जागा रबरानें घेतली ती चार्ल्स गुडइयर ह्या अमेरिकनामुळें. कच्चें रबर उन्हाळ्यांत चिकट होई आणि थंडींत ठिसूळ. गंधक मिसळून तें तापविलें असतां ते दोन्ही दोष जातात, हें त्यास १८३९ सालीं आढळलें. पेटंट १८४४ सालीं मिळालें. आणि १८६० सालीं तो वारला तेव्हां त्याच्या डोक्यावर कर्जाचा डोंगर होता. त्यानें घालविलेला दोष मात्र अगदींच गेलेला नव्हता. २८ जानेवारी १९८६ रोजीं अमेरिकेचें 'चॅलेंजर' हें अंतराळयान उड्डाणानंतर सुमारें त्र्याहत्तर सेकंदांत नष्ट झालें आणि त्यांतलीं सातही माणसें दगावलीं. कारण काय, तर अग्निबाणाच्या सांध्यांतलें रबराचें कडें त्या दिवसाच्या थंडीनें कडक होऊन वेळेवर फुगलें नाहीं. रिचर्ड फाइनमन ह्या पदार्थवैज्ञानिकानें चौकशीच्या वेळीं त्या रबराचा तुकडा बर्फाच्या पाण्याच्या पेल्यांत बुडवून ही गोष्ट सर्वांसमक्ष दाखविली. आदल्या रात्रीं कारखान्याच्या कांहीं इंजिनियरांनीं उड्डाण करूं नका असें सांगितलें होतें. वायसराविषयीं बोलणाऱ्याचें म्हणणें क्षुल्लक समजण्याची प्रवृत्ति केवळ घरगुती नाहीं, हें यावरून दिसून येईल.

आतां आमच्या नळाकडे वळूं. प्रथम जे कारागीर आले त्यांनीं मूठ एकदां फिरविली, भिंतीवर बोटानें टकटक केलें आणि निदान सांगितलें: टाइल फोडा, जुनें धड काढा, नवें मिक्सर बसवा. आमच्या स्नानगृहांतल्या टाइलसारखी टाइल आज बाजारांत मिळणें शक्य नाहीं. तेव्हां एक भिंत फोडली कीं उरलेल्या तीन भिंतींनींही सहानुभूतीनें पडावें हें ओघानेंच आलें. अंदाज बावीस हजारांचा निघाला. ज्या कंपनीचा तो नळ होता तिच्या माणसास विचारलें असतां त्यानें, हें मॉडेल बंद होऊन फार दिवस झाले, आतां त्याचे भाग येत नाहींत, असें फोनवर अत्यंत सभ्यपणें कळविलें. ऐंशी पंच्याऐंशी वर्षांच्या माणसाचे भाग बदलून देणारीं रुग्णालयें गल्लोगल्लीं आहेत. सत्तावीस वर्षांच्या नळास मात्र मरणावांचून दुसरा उपाय नाहीं.

आम्हांस त्या कारागिराचा राग आला नाहीं. त्याच्या जागीं बसून पाहिलें तर त्याचा सल्ला शहाणपणाचा आहे. जुना नळ उघडतांना आटा निसटला, धड चिरलें, तर दोष त्याच्या माथीं येणार. नवें मिक्सर बसविलें तर दोष कंपनीच्या माथीं. शिवाय दुकानदाराकडून त्यास दोन पैसे सुटणार. आणि आपण गिऱ्हाइकें तरी कशीं? वस्तूचे पैसे आपण छापील किंमतीवर विश्वास ठेवून देतों. परंतु कोणी तासभर बसून, दोष शोधून, चाळीस रुपयांच्या रबरानें तो दूर केला, तर 'एवढ्याशा कामाचे पांचशें?' असें आपण विचारल्याखेरीज राहत नाहीं. दुरुस्तींत कारागीर आपली अक्कल विकत असतो आणि जबाबदारी पत्करीत असतो. नव्या वस्तूंत तो दोहोंतूनही मोकळा होतो. अकलेची किंमत द्यावयाची नाहीं असें गिऱ्हाइकानें ठरविल्यावर भिंती फुटावयाच्याच. २०२२ सालीं केंद्र सरकारच्या ग्राहक खात्यानें दुरुस्तीच्या हक्काचा विचार करण्यासाठीं समिति नेमिली. शेतीचीं अवजारें, मोबाइल फोन, घरगुती यंत्रें आणि मोटारी हीं तिनें प्रथम विचारांत घेतलीं. हक्क मिळावा हें योग्यच. पण दुरुस्त करणाऱ्यास मान आणि मोबदला देण्याचा कायदा कोणत्याही समितीस करतां यावयाचा नाहीं.

आम्हांस उपाय सांपडला तो रविवार पेठेंतल्या बोहरी आळींत. तेथें एका अरुंद दुकानांत एक वृद्ध दुकानदार बसतात. इमारतीच्या रखवालदाराच्या मदतीनें काढून नेलेला आमचा स्पिंडल त्यांच्या हातीं दिला. त्यांनीं चष्मा कपाळावर सारून त्याच्या माथ्यावरचे दाते बोटानें मोजले, आटे एका जुन्या धडांत फिरवून पाहिले, आणि विचारलें, "साहेब, घरांत म्हातारं कोणी आहे का?" आम्ही चकित झालों. ते म्हणाले, "मूठ फार आवळल्याच्या खुणा आहेत. रबराचा देऊं कां सिरॅमिकचा?"

आट्यांविषयीं येथें एक वाक्य लिहिलेंच पाहिजे. इंग्लंडांत प्रत्येक कारखान्याचे आटे निराळे असत. १८४१ सालीं जोसेफ व्हिटवर्थ यानें सर्वांनीं एकाच मापाचे, पंचावन्न अंशांच्या कोनाचे आटे पाडावेत अशी सूचना मांडिली. आपल्या नळांचे आटे आजही त्याच कुळांतले आहेत. त्यांच्या नांवांत थोडी लबाडी आहे. अर्धा इंची म्हणविणाऱ्या नळाच्या आट्याचा बाहेरचा व्यास जवळजवळ २१ मिलिमीटर, म्हणजे पाऊण इंचाहूनही अधिक भरतो. तथापि ती लबाडी सर्वत्र एकसारखी असल्यामुळें कोणाचें नुकसान होत नाहीं. पुण्यांतला नळ केपटाउनच्या नळास जोडतां यावा ही सोय एका मनुष्याच्या हट्टांतून निघाली. आजच्या कंपन्या मात्र नळाच्या पोटांतलें यंत्र दरसाल निराळ्या आकाराचें काढून तोच एकोपा पुन्हां मोडीत आहेत.

रबराचा कीं सिरॅमिकचा, ह्या प्रश्नानें आम्ही कांहीं वेळ घोटाळलों. आमचें मन रबराकडे होतें. तो वायसर कोणासही बदलतां येतो, कोपऱ्यावरच्या दुकानांत मिळतो, आणि त्यांत झांकलेलें असें कांहीं नाहीं. सिरॅमिकच्या स्पिंडलांत अल्युमिनाच्या दोन चकत्या एकमेकींवर बसविलेल्या असतात. त्यांचीं तोंडें इतकीं सपाट घासलेलीं असतात कीं त्यांच्यामधून पाणी जात नाहीं. अल्युमिना हा अतिशय कठिण पदार्थ. चकत्यांस भोंकें असतात. पावभर किंवा अर्धा फेरा दिला कीं तीं एकमेकांसमोर येतात, आणि उलट फिरविलें कीं झांकलीं जातात. आवळावयाचें असें कांहींच नाहीं. रोमन लोकांच्या खुंटीची युक्ति दोन हजार वर्षांनीं नव्या अंगानें परत आली, असें म्हणावयास हरकत नाहीं. दोष इतकाच कीं, वाळूच्या कणानें चकतीस ओरखडा पडला तर ती घरीं दुरुस्त होत नाहीं. सबंध स्पिंडल टाकावा लागतो.

म्हणजे एका बाजूस आमचें तत्त्व होतें आणि दुसऱ्या बाजूस मातोश्रींचीं बोटें. दुकानदारांनीं आमची अडचण ओळखली असावी. ते म्हणाले, "धड जुनंच राहतंय ना? आंतलं बदललं तर काय बिघडलं?" चारशें वीस रुपये देऊन आम्हीं सिरॅमिकचा स्पिंडल घेतला, आणि त्यांनीं न मागतां दोन रबरी कडीं पुडींत बांधून दिलीं.

तो बसविण्यास आला एक ओडिया तरुण. ओडिशाच्या केंद्रापाडा जिल्ह्यांतल्या पट्टामुंडाई भागांतून नळकामाचे कारागीर कित्येक पिढ्या देशभर जात आले आहेत. तेथें ह्या विद्येची सरकारी संस्थाही आहे. 'प्लंबर' हा शब्द शिसें ह्या अर्थाच्या लॅटिन शब्दापासून आला. रोमचे नळ शिशाचे असत. ती लॅटिन पदवी आज महानदीच्या मुखाजवळचीं गांवें चालवीत आहेत, हें आमच्या विद्यापीठांस ठाऊक असावें. त्या तरुणाचें काम पाहणें हें एक शिक्षण होतें. त्यानें प्रथम गच्चीवरचा कॉक बंद केला आणि खालचा नळ उघडून पाईपांतलें उरलेलें पाणी काढून टाकिलें. मग विजेरी आमच्या हातीं देऊन त्यानें धडाच्या पोटांत डोकावून पाहिलें, आणि करंगळीनें सीट चांचपली. "सर, थोडा खड्डा आहे," असें म्हणून पिशवींतून एक लहानसें दातेरी हत्यार काढिलें, तें आंत घालून चार फेरे दिले, आणि पुन्हां करंगळी फिरविली. पितळेची सीट आरशासारखी झाली होती. नंतर त्यानें गच्चीवरचा कॉक क्षणभर उघडून, उघड्या भोंकांतून पाणी जोरानें वाहूं दिलें. आमचे कपडे भिजले. वाळूचा एक कणही आंत राहूं नये म्हणून हें करावें लागतें असें त्यानें सांगितलें.

शॉवरचें जाळीदार तोंड त्यानें व्हिनेगरांत बुडवून ठेविलें होतें. त्यांतला चुना बुडबुडे सोडीत विरघळत होता. त्याच्या दांड्याच्या आट्यांवर पांढरी टेप गुंडाळतांना तो आट्यांच्याच दिशेनें गुंडाळीत होता, म्हणजे फिरवितांना ती उकलत नाहीं. एके काळीं येथें सणाचे धागे आणि सफेता लावीत. ही टेप ज्या पदार्थाची तो रॉय प्लंकेट यास १९३८ सालीं दुसरेंच कांहीं करतांना अकस्मात सांपडला. नवा स्पिंडल त्यानें हातानें बसविला आणि पान्यानें शेवटचा पाव फेराच दिला. "जोर नाही लावायचा, सर. जोर लावला की बिघडते," असें तो आपल्या मराठींत म्हणाला. सर्व काम पाऊण तासांत आटपलें. त्यानें तीनशें मागितले. पत्नीनें आंतून पांचशेंची नोट आणून दिली, आणि सीट पाहिल्याबद्दलचे हे वेगळे, असें सांगितलें. पैशांपेक्षां सीटेचा उल्लेख त्यास अधिक आवडलेला दिसला.

एखादी संस्था, एखादें कुटुंब, एखादी भाषाही कांहीं अंशीं अशीच चालते असें आम्हांस वाटतें. तिचें धड भिंतींत खोल पुरलेलें असतें, आणि तें बहुधा शाबूत असतें. झिजतो तो आंतला मऊ भाग, जो रोज दाबला जातो आणि ज्याच्याकडे कोणी पाहत नाहीं. त्या झिजेची भरपाई आपण प्रथम जोर लावून करतों, आणि जोर पुरेनासा झाला कीं भिंतच फोडावयास निघतों. ह्या दोहोंच्या मध्यें एक तिसरा मार्ग आहे. पाणी बंद करावें, उघडावें, विजेरी धरून आंत पाहावें. त्यास फारसें बळ लागत नाहीं, परंतु आपले कपडे भिजूं देण्याची तयारी लागते.

मातोश्रींनीं दुसऱ्या दिवशीं सकाळीं नव्या नळाची परीक्षा घेतली. दोन बोटांनीं मूठ फिरविली, पाणी आलें. दोन बोटांनीं फिरविली, तें थांबलें. ह्यांत रबर नाहीं, मग काय आहे, असें त्यांनीं विचारलें. चिनी मातीच्या जातीच्या दोन चकत्या आहेत, असें आम्हीं सांगितलें. त्या थोडा वेळ विचार करून म्हणाल्या, "म्हणजे कपबशीच की! आजीला तीही चालत नसे." आणि कामास येणाऱ्या बाईंस त्यांनीं, उद्यांपासून बादली भरूं नकोस, असें बजावलें.